कालकुंभ दिवसात किती वेळा बुडतो?

इंदूरमधलीच एक तरुण लेखिका मराठीत आपली पहिली मोठी अद्भुत कादंबरी लिहिते आहे. तिच्या कल्पित नगरात ‘कालकुंभ’ नावाचं यंत्र आहे. हा कुंभ काळ थांबवतो, अशी पिढ्यान्‌पिढ्यांची दंतकथा. तिसऱ्या प्रकरणात नायिका कुंभ चोरते आणि तिथून गोष्ट सैल पडते, कारण कुठलंही संकट आलं की तिनं काळ थांबवला म्हणजे झालं. लेखिकेचा प्रश्न असा: कुंभाची शक्ती घटवायची नाही, तो फोडायचा नाही, ‘आता फक्त तीनदाच चालेल’ असली पळवाटही नको. मग काय करू?

मी बरीच वर्षं इंदूरमध्ये कथाखेळ चालवते. टेबलाभोवती पाच-सहा जण बसतात, प्रत्येकाचं एक पात्र असतं, फासे पडतात आणि गोष्ट पुढे सरकते. त्या खेळांसाठी जगं आणि त्यातली यंत्रं रचणं हे माझं काम. काळाशी खेळणारं यंत्र खेळाडूंच्या हातात दिलं की पहिल्याच संध्याकाळी ते त्याच्या सगळ्या फटी शोधून काढतात. खाली जे लिहिते आहे ते त्या टेबलावर टिकलेलं आहे.

तू कुंभाचं वर्णन चार पानं केलं आहेस. उल्केतला धातू, सात नद्यांचं पाणी, काठावरची कोरीव अक्षरं, घडवणाऱ्या कारागिराचा शाप. वर्णन सुंदर आहे, त्याला हात लावू नकोस. पण चार पानं वाचूनही मला हे कळलं नाही की एका अहोरात्रात हा कुंभ नेमकं किती काम करतो.

आपल्याकडचं घटिकापात्र आठव. तांब्याची अर्धगोल वाटी, तळाला बारीक भोक, पाण्याच्या मोठ्या भांड्यात तरंगत ठेवलेली. भोकातून पाणी चढतं, वाटी भरते आणि बुडते. एकदा बुडली की एक घटिका, म्हणजे 24 मिनिटं. दिवसरात्र मिळून 60 घटिका, घटिकेची 60 पळं, पळ 24 सेकंदांचं. ही वाटी कशी बनवावी याचं जुनं माप होतं: तांबं इतकं, व्यास इतका, भोक इतक्या वजनाच्या आणि लांबीच्या सोन्याच्या सुईनं पाडलेलं. भास्कराचार्यांनी सिद्धांतशिरोमणी या ज्योतिर्गणिताच्या ग्रंथात ते सगळं बाजूला ठेवलं. अर्ध्या घड्याच्या आकाराची तांब्याची वाटी घ्या, तळाला भोक पाडा, ती अहोरात्रात किती वेळा बुडते ते मोजा आणि अहोरात्राला त्या संख्येनं भागा. जे येईल ते त्या वाटीचं माप. वाटी कशाची, सुई केवढी, हे सगळं त्या एका भागाकारापुढे गौण झालं. काल्पनिक यंत्र रचणाऱ्यानं हीच रीत धरावी असं माझं ठाम मत आहे. तुझी चार पानं सुईच्या वजनाची आहेत. बुडण्या मोजलेल्या नाहीत.

तर मोजू. ‘काळ थांबवतो’ हे लोकांचं म्हणणं राहू दे, दंतकथा मोठंच बोलते. खरं काम असं ठरव: कुंभाजवळ बसलेल्याला बाहेरच्या एका घटिकेत साठ घटिका मिळतात. हे प्रमाण मी मुद्दाम निवडलं आहे, कारण 24 मिनिटांची साठपट म्हणजे बरोबर 24 तास. बाहेर वाटी एकदा बुडेपर्यंत आत एक पूर्ण दिवसरात्र. वाचकाच्या डोक्यात हा हिशोब एका ओळीत बसतो आणि पुढे शंभर पानं विसरला जात नाही.

आता याचे परिणाम बघ, कारण गोष्ट तिथेच आहे. नायिकेला आत चोवीस तास घालवायचे आहेत, म्हणजे तिला दिवसभराचं अन्नपाणी हवं, झोप हवी, दिव्याला तेल हवं. तिनं वर्षभर रोज एकदा कुंभ वापरला, तर जगासाठी एक वर्ष सरेल आणि तिच्या अंगावर जवळजवळ दोन. पाच वर्षांनी तिची जुळी बहीण तिच्यापेक्षा जवळजवळ पाच वर्षांनी लहान दिसेल. (तुझ्या आराखड्यात बहीण आहेच, तिला जुळी कर.) शक्ती जराही कमी केलेली नाही, आणि तरी प्रत्येक वापराला किंमत लागली. ही किंमत कुणी शाप म्हणून लादलेली नाही, ती हिशोबातूनच येते. लादलेली किंमत वाचक सोसून घेतो, हिशोबातून आलेली मात्र त्याला पटते.

हवेचाही हिशोब कर. कुंभ ज्या खोलीत आहे ती दहा फूट लांब, दहा फूट रुंद आणि तितकीच उंच धर, म्हणजे सुमारे 28 हजार लिटर हवा. स्वस्थ बसलेला माणूस तासाला साधारण 15 ते 20 लिटर कार्बन डायऑक्साइड सोडतो. चोवीस तासांत बंद खोलीत तो दीड टक्क्याच्या आसपास जमतो: डोकं जड होईल, पण माणूस तगेल. तिघे जण आत बसले तर चार-पाच टक्के, आणि तिथे जीवाशी गाठ आहे. म्हणजे ‘एका वेळी एकानंच आत जायचं’ हा नगरातला जुना नियम तुला देवाच्या नावावर टाकावा लागणार नाही. कधीतरी तिघे आत गेले होते, बाहेरच्यांनी एका घटिकेनं दार उघडलं, आणि तेव्हापासून नियम आहे.

उजेडाचा प्रश्न याहून मोठा, आणि इथे बहुतेक लेखक घसरतात. आत काळ साठपट वेगानं चालतो, तर बाहेरून येणारा प्रकाश आतल्याला साठपट ताणलेला दिसायला हवा. ताणलेला प्रकाश डोळ्यांच्या पल्ल्याबाहेर जातो. खिडकी असली तरी तिच्यात काळोखच दिसेल. आवाजही साठपट खाली उतरतो, माणसाचं बोलणं बहुतेक ऐकूच येणार नाही. बाहेरची ऊबही आत जवळजवळ पोहोचत नाही, म्हणून खोली गार पडत जाते. उलट आतली साधी ऊब बाहेर पडताना इतकी प्रखर होईल की जवळ उभ्या असलेल्याला भाजेल. यातून दोन वाटा निघतात. एक, हे सगळं लिहायचं आणि कुंभाला भट्टीसारखं भयंकर करायचं. दुसरी, कुंभ फक्त जाड दगडी भिंतींच्या, खिडकी नसलेल्या, दार घट्ट बंद होणाऱ्या जागेतच चालतो असं ठरवायचं.

मी दुसरी घेतली असती. कारण ती जागा आपल्या वाचकाच्या ओळखीची आहे. तो देवळाचा गाभारा आहे. समईचा उजेड, तेलाचा वास, ओली फरशी, खिडकी नाही, आत एका वेळी एकच माणूस. परक्या मुलखातला मनोरा किंवा काचेची प्रयोगशाळा उभी करायची गरजच उरत नाही.

आणि यातच तुझ्या तिसऱ्या प्रकरणाचं उत्तर आहे. कुंभ गाभाऱ्यातच चालत असेल, तर चोरून नेलेला कुंभ म्हणजे एक जड भांडं. नायिका जिवावर उदार होऊन तो नगराबाहेर आणते, पाण्यात ठेवते, आणि काहीच होत नाही. भिंती हव्यात, ठरावीक पाणी हवं, आणि ज्याच्याकडे कुणाचं लक्ष गेलं नव्हतं तो राखणदार हवा.

राखणदाराबद्दल थोडं सविस्तर लिहिते, कारण तुझ्या कादंबरीत तो मुळीच नाही. घटिकापात्र आपोआप चालत नाही. बुडालं की कुणीतरी ते काढायचं, रिकामं करायचं, परत तरंगत ठेवायचं आणि थाळीवर टोला द्यायचा. दिवसात साठ वेळा, रात्री जागून. पूर्वीच्या लग्नघरात वाटीकडे डोळे लावून बसलेला जोशी हा मांडवातला सगळ्यात महत्त्वाचा माणूस असायचा; त्यानं सांगितल्याशिवाय अंतरपाट दूर होत नसे. तुझ्या नगरात असं एक घराणं असायला हवं. त्या घरात जेवणं पाळीपाळीनं होतात, मुलं टोल्यांच्या तालावर झोपायला शिकतात, आणि सगळं घर मिळून कधीही एका लग्नाला गेलेलं नाही. कुंभाची भीती, लोभ आणि भक्ती वाचकापर्यंत पोहोचवायला कोरीव अक्षरांपेक्षा हे घर जास्त उपयोगी पडेल.

टेबलावर मी खरी वाटी ठेवते. राजवाड्याजवळच्या बर्तन बाजारात तांब्याच्या हलक्या वाट्या मिळतात, तळाला सर्वांत बारीक ड्रिलनं भोक पाडून घ्यायचं आणि आतली कड घासून साफ करायची. सहा-सात मिनिटांत बुडणारी वाटी खेळाला पुरते. पात्रांनी कुंभ वापरला की वाटी पाण्यावर ठेवायची. ती तरंगते आहे तोवरच खेळाडूंनी आपसांत बोलून ठरवायचं. ती वापरताना जे कळलं ते कुठल्या पुस्तकात वाचून सुचलं नसतं. भोकाला तेलातुपाचा अंश राहिला तर पाणी आत शिरतच नाही, वाटी तासन्‌तास तरंगत राहते. नळाच्या पाण्यातला क्षार भोकाशी साचतो आणि महिन्याभरात वाटी उशिरा बुडायला लागते. चिंचेनं घासली की परत वेळेवर. यातल्या पहिल्या गोष्टीवर मी एका कॅम्पेनचा, म्हणजे अनेक बैठका चालणाऱ्या खेळाचा, सगळा कट उभा केला: शत्रूनं कुंभाला हातही लावला नाही, राखणदाराच्या जेवणात तूप जास्त वाढलं आणि हात धुवायचं पाणी काढून घेतलं. तुला हवं तर हे घे.

यंत्र बंद कसं पडतं हे ठरवणं मला ते कसं चालतं हे ठरवण्याइतकंच महत्त्वाचं वाटतं. लीलावतीची कथा सगळ्यांना ठाऊक आहे. भास्कराचार्यांच्या मुलीच्या लग्नाचा एकच शुभ क्षण, त्यासाठी लावलेलं घटिकापात्र, कुतूहलानं त्यात डोकावणारी ती, दागिन्यातून निसटलेला मोती, बंद झालेलं भोक, आणि कुणाच्या लक्षात न येता टळून गेलेला मुहूर्त. ही कथा भास्कराचार्यांच्या ग्रंथात नाही. ती येते फैजीनं 1587 मध्ये अकबराच्या दरबारात केलेल्या ‘लीलावती’ या त्यांच्या गणितग्रंथाच्या फारसी भाषांतरात, मूळ ग्रंथानंतर चारशेहून जास्त वर्षांनी. घटिकापात्रं देशभर असंख्य होती, वेळेवर बुडत होती, त्यातल्या एकाचीही गोष्ट आपल्यापर्यंत आली नाही. लोकांनी लक्षात ठेवलं ते न बुडालेलं. तुझ्या कालकुंभाच्या दंतकथेत सतरा विजय आहेत आणि अपयश एकही नाही, म्हणून ती दंतकथा कमी आणि जाहिरात जास्त वाटते. त्यातले पंधरा विजय काढ आणि एक अपयश घाल. ते कुणा दुष्टानं घडवलेलं नको. प्रेमानं वाकून पाहणाऱ्या कुणाकडून घडू दे.

नगर कसं दिसेल, हा तुझा उपप्रश्न. कुंभासारखी वस्तू हजार वर्षं एका जागी असेल तर गावाची घडी तिच्याभोवती बसणारच. आपल्या इंदूरच्या सराफ्याकडे बघ. दिवसा सोन्याचांदीच्या पेढ्या. रात्री त्याच पेढ्यांची दारं बंद होतात आणि त्यांच्याच पायऱ्यांसमोर भुट्ट्याचा कीस, गराडू आणि दहीवडे विकणारे उभे राहतात. जागा एक, काळ दोन, आणि दोघांचे अलिखित करार. तुझ्या नगरात गाभाऱ्यात जायची पाळी विकत मिळत असेल का? परीक्षेच्या आदल्या दिवशी श्रीमंताचा मुलगा एक घटिका विकत घेऊन चोवीस तास अभ्यास करेल. सावकार मुदतीच्या आदल्या संध्याकाळी कुणाला आत जाऊ देणार नाही. मरणाच्या दारातल्या माणसाला मात्र कुंभाचा काही उपयोग नाही, कारण आत त्याचाच काळ वेगानं सरेल. त्याला आत ठेवून औषध शोधायला बाहेर धावणारा माणूस ही या प्रमाणातून निघणारी सगळ्यात क्रूर चूक आहे. उलट, वैद्यानं आत बसून ग्रंथ चाळावेत आणि रोग्यानं बाहेर राहावं. तुझ्या आठव्या प्रकरणात नायिका आजारी वडिलांना कुंभाजवळ नेते ना? तो प्रसंग असाच राहू दे, फक्त परिणाम उलटा कर. माझ्या दृष्टीनं अख्ख्या कादंबरीचा कणा तिथे येऊ शकतो.

वेळ कुणाची, हा झगडाही विसरू नकोस. इंदूरचा सूर्य घड्याळाप्रमाणे डोक्यावर येत नाही. भारतीय प्रमाणवेळ 82.5 अंश रेखांशाची. इंदूर साधारण 75.9 अंशांवर, म्हणजे आपली स्थानिक वेळ सुमारे 27 मिनिटं मागे, एका घटिकेहून थोडी जास्त. त्यात वर्षभरात सूर्य घड्याळाच्या कधी पुढे, कधी मागे असतो तो फरक मिळवला तर नोव्हेंबरच्या सुरुवातीला खरी दुपार 12 वाजून 10 मिनिटांच्या आसपास होते आणि फेब्रुवारीच्या मध्याला 12 वाजून 41 च्या सुमारास. उज्जैनच्या वेधशाळेतल्या सम्राट यंत्रापुढे, म्हणजे तिथल्या मोठ्या सूर्यघड्याळापुढे, मनगटी घड्याळ घेऊन उभी राहा, हा फरक डोळ्यांनी दिसेल. अठराव्या शतकात सवाई जयसिंहांनी बांधलेली ही वेधशाळा ग्वाल्हेरच्या माधवराव शिंद्यांनी 1923 मध्ये दुरुस्त करवून घेतली. आपले जुने ज्योतिर्गणिती रेखांश उज्जैनपासून मोजायचे. गाव इथून पंचावन्न किलोमीटरवर. कुंभ तिथेच का आणि दुसऱ्या नगरात का नाही, याचं उत्तर तुला अशा एखाद्या रेषेत मिळेल: त्या जगातली वेळ जिथून मोजायला सुरुवात झाली ती जागा. मग दूरच्या राजधानीनं एक दिवस फर्मान काढावं की यापुढे वेळ आमच्या मनोऱ्याप्रमाणे. भारतात 1906 मध्ये प्रमाणवेळ आली तेव्हा मुंबईनं आपली वेगळी वेळ नंतरही कितीतरी वर्षं सोडली नव्हती. अशा भांडणाला लढाई लागत नाही.

इथे खलनायकाचंही काम होतं. ‘हा सूर्य आणि हा जयद्रथ’ आपल्या बोलण्यात इतकं मुरलं आहे की त्यातली युक्ती नजरेआड होते. तिथे काळ थांबला नव्हता. दिवस संपला असं सगळ्यांना वाटलं, तेवढं पुरलं. ज्याच्या हातात टोल्याची थाळी आहे त्याला कुंभाची गरज नाही. तुझा प्रधान कुंभामागे धावतो आहे, त्याला थांबव; त्यानं थाळी वाजवणाऱ्याला फितवावं. नायिकेकडे खरा काळ असेल आणि प्रधानाकडे लोकांचा विश्वास असलेला. यात कोण जिंकेल हे मलाही आधी सांगता येत नाही, म्हणून ही जोडी चांगली.

काळात मागे जाणं मात्र आणू नकोस. पुढच्या भागासाठी ती शक्यता राखून ठेवली आहेस असं लिहिलं आहेस, तीही काढून टाक. मागे जाता आलं की आधीच्या प्रत्येक मरणाचा वाचक पुन्हा हिशोब मागतो, आणि टेबलावर तर खेळाडू दर अपयशानंतर ‘परत एकदा’ म्हणतात. पुढे जाणं पुरेसं भयंकर आहे. ककुद्मी राजा मुलगी रेवतीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी गेला, तिथे गाणं चालू होतं म्हणून थोडा थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर 27 चतुर्युगं उलटली. मनात धरलेले सगळे वर, त्यांची नातवंडं, नावंसुद्धा गेलेली. रेवती परतली तर या युगातल्या माणसांपेक्षा कितीतरी उंच. बलरामानं नांगराच्या टोकानं तिला खाली आणलं, मग लग्न झालं. परतलेल्या माणसाचं माप जगाला जुळत नाही, हे त्या कथेनं एका नांगरात सांगितलं. तुझ्या नायिकेच्या बाबतीत तेच बहिणीच्या आरशात दिसेल.

शेवटी तू विचारलं आहेस की कुंभ मुळात चालतो कसा, हे वाचकाला किती उलगडून सांगावं. थोडंच. सूर्यसिद्धांत या जुन्या ज्योतिर्गणिताच्या ग्रंथात आपोआप फिरणाऱ्या यंत्रांचा उल्लेख आहे. पारा, पाणी, दोरे, तेल अशी सामग्री सांगितली आहे आणि जुळणी गुप्त ठेवायला सांगितली आहे. भास्कराचार्यांनी पुढे पोकळ आऱ्यांत अर्धा पारा भरलेल्या चाकाची रचना दिली. ते चाक प्रत्यक्षात कायम फिरू शकत नाही, कारण पारा एका बाजूला जेवढं ढकलतो तेवढंच दुसऱ्या बाजूला अडवतो. रचना पूर्ण सांगितली की ती तपासली जाते. तू सामग्री सांग, रोजचा हिशोब चोख सांग, जुळणी राखणदारालाही ठाऊक नसू दे. त्याला एवढंच माहीत आहे की पाणी कुठल्या विहिरीचं आणि दार कधी लावायचं.

तेव्हा तिसऱ्या प्रकरणातली चोरी आहे तशी ठेव, चांगली जमली आहे. शेवटचा परिच्छेद बदल: रानातल्या त्या झोपडीत ती कुंभ पाण्यात ठेवते, तो साध्या वाटीसारखा भरतो आणि बुडतो. चौथं प्रकरण राखणदाराच्या घरात सुरू कर, ज्या रात्री साठावा टोला पडला नाही त्या रात्रीपासून.